‘वाटले’ आलं की भागाकार? समान वाटणीची शाब्दिक उदाहरणं मुलांना घरी कशी शिकवावीत

तिसरी-चौथीतल्या मुलासमोर ही दोन उदाहरणं ठेवून बघा.

सायलीने वाढदिवसाला ६ मैत्रिणींना प्रत्येकी ४ पेढे वाटले. तिने एकूण किती पेढे वाटले?

सायलीकडे २४ पेढे होते. ते तिने ६ मैत्रिणींना सारखे वाटले. प्रत्येकीला किती पेढे मिळाले?

दोन्हींत पेढे आहेत, सहा मैत्रिणी आहेत आणि ‘वाटले’ हा शब्दही आहे. तरी पहिल्यात गुणाकार करायचा, दुसऱ्यात भागाकार. ‘एकूण आलं की गुणाकार, वाटले आलं की भागाकार’ असं ज्याला शिकवलंय ते मूल पहिल्याच उदाहरणात अडतं, कारण तिथे हे दोन्ही शब्द एका ओळीत बसलेले असतात. मग ते ६ ला ४ ने भागू पाहतं, जमलं नाही की बेरीज करून १० लिहून मोकळं होतं.

शब्द हेरून क्रिया ठरवायची ही सवय शिकवणीत माझ्याकडे येणाऱ्या बहुतेक मुलांना असते. एखाद-दोन मार्क जातात त्याचं मला फारसं वाटत नाही. काळजी याची वाटते की अशी मुलं उदाहरण वाचायचंच सोडून देतात. त्यांची नजर दोन आकडे आणि एक ओळखीचा शब्द एवढंच शोधते. म्हणून हा लेख प्रामुख्याने वाचण्याबद्दल आहे. आकडेमोड त्याच्या मागून येईल.

आधी गोष्ट, आकडे नंतर

उदाहरण मोठ्याने वाचून घ्या. मग वही पालथी घालायला सांगा आणि आकडे न घेता गोष्ट सांगायला लावा. हे फार सोपं वाटतं, पण पहिले काही दिवस बहुतेक मुलांना जमत नाही. एक नमुना देते. उदाहरण असं होतं: दसऱ्याला दुचाक्यांना घालायचे हार करण्यासाठी काकांनी मंडईतून झेंडू आणला. मोजली तर ९६ फुलं भरली. प्रत्येक हारात ८ फुलं ओवली. किती हार झाले?

“काय झालं गोष्टीत?”

“भागायचंय, बाई.”

“भागायचं ते नंतर बघू. कोणी काय केलं?”

“काकांनी फुलं आणली. मग हार केले.”

“एका हारात किती फुलं, हे गोष्टीत सांगितलंय की आपण शोधायचंय?”

परत वाचून, “सांगितलंय. आठ.”

“मग शोधायचं काय?”

“हार किती झाले ते.”

एवढं झालं की निम्मं काम झालं. मुलाने सुरुवातीलाच ‘भागायचंय’ म्हटलं होतं आणि ते बरोबरही होतं, तरी मी ते लगेच उचलून धरलं नाही. कारण ते अंदाजाने आलं होतं. अंदाज बरोबर आला की मूल पुढच्या वेळीही अंदाजच करतं.

तीन रकाने

गोष्ट कळली की वहीत तीन रकाने आखा: गट किती, प्रत्येक गटात किती, सगळे मिळून किती. समान वाटणीच्या कोणत्याही साध्या उदाहरणात या तीनच गोष्टी असतात. त्यातल्या दोन दिलेल्या असतात, तिसरी विचारलेली असते. दिलेल्या दोन भरायच्या आणि उरलेल्या रकान्यात प्रश्नचिन्ह काढायचं.

सायलीच्या पहिल्या उदाहरणात गट ६, प्रत्येक गटात ४, सगळे मिळून प्रश्नचिन्ह. दुसऱ्यात गट ६, प्रत्येक गटात प्रश्नचिन्ह, सगळे मिळून २४. हारांच्या उदाहरणात गटांखाली प्रश्नचिन्ह, प्रत्येक गटात ८, सगळे मिळून ९६.

प्रश्नचिन्ह ‘सगळे मिळून’च्या रकान्यात असेल तर गुणाकार. पहिल्या दोनपैकी कुठल्याही रकान्यात असेल तर भागाकार. क्रिया ठरते ती इथे, शब्दावरून नाही. ‘प्रत्येकी’ हा शब्द तर दोन्हीकडे येतो. तो दिसला की मुलाला एवढंच विचारा: त्याच्या पुढे आकडा आहे की ‘किती’ आहे?

रकान्यात नुसता आकडा लिहू देऊ नका. ६ मैत्रिणी, ४ पेढे, असं लिहायचं. उत्तराचं एकक तिथेच ठरून जातं आणि ‘उत्तर : ४ मैत्रिणी’ असले प्रकार थांबतात.

भागाकार दोन तऱ्हांचा असतो, तो हाताने करू द्या

चोवीस चिंचोके आणि सहा वाट्या घ्या. चिंचोके नसतील तर राजमा किंवा बटणं चालतील, पण वस्तू हातात उचलता यायला हवी. आधी सांगा, ‘हे सहा वाट्यांत सारखे वाट.’ मूल प्रत्येक वाटीत एकेक चिंचोका टाकत जाईल, सहावी वाटी झाली की पुन्हा पहिलीपासून. संपेपर्यंत चार फेऱ्या होतात आणि प्रत्येक वाटीत ४ चिंचोके येतात. इथे गट माहीत होते, गटात किती ते शोधलं.

आता वाट्या बाजूला ठेवा. चिंचोके एकत्र करून सांगा, ‘सहा-सहाचे ढीग कर. किती ढीग होतात?’ हात आता वेगळं काम करतो. मुठीतून सहा मोजून बाजूला, पुन्हा सहा मोजून बाजूला. चार ढीग होतात. इथे गटात किती ते माहीत होतं, गट शोधले.

दोन्ही वेळा आपण २४ ÷ ६ = ४ असंच लिहितो. मोठ्यांना त्यात काही वावगं वाटत नाही. मुलाला मात्र ही दोन अगदी वेगळी कामं वाटतात आणि त्याचं म्हणणं रास्त आहे. दोन्हींना एकच मांडणी कशी चालते, हे समजावण्यासाठी पुन्हा वाट्यांकडे या. एक फेरी पूर्ण करायला किती चिंचोके लागतात? सहा. म्हणजे प्रत्येक फेरीला ढिगातून सहा कमी होतात. २४ मधून असे सहा-सहा किती वेळा निघतात? चार वेळा, म्हणून चार फेऱ्या. आणि फेऱ्या चार, म्हणून प्रत्येक वाटीत चार. वाटणीच्या पोटात सहा-सहाचे ढीगच होते. हे डोळ्यांनी दिसलं की दोन्हींसाठी सहाचाच पाढा का लागतो ते मूल स्वतः सांगतं. या पायरीवर घाई करू नका. दोन-तीन दिवस गेले तरी चालतील. पुढची सगळी इमारत हिच्यावर उभी आहे.

गुणाकाराला एवढा वेळ लागत नाही. पेढ्यांच्या बॉक्समध्ये ४ ओळी आणि प्रत्येक ओळीत ६ पेढे असतील, तर बॉक्स आडवा धरला की ६ ओळी आणि प्रत्येक ओळीत ४. पेढे तेवढेच. म्हणून ६ × ४ आणि ४ × ६ सारखे. त्यावरून मुलाशी वाद घालू नका.

पाढ्यात शोधायचं

क्रिया ठरली, आता आकडेमोड. २४ ÷ ६ साठी सहाच्या पाढ्यात चोवीस कुठे येतात ते पाहायचं. ‘सहा चोक चोवीस’, म्हणून ४. भागाकार वेगळा पाठ करावा लागत नाही.

पाढा पाठ नसेल तर काम थांबवू नका. १५६ ÷ १२ घ्या. बाराची दहापट सगळ्यांना येते, १२०. ते काढून घेतले, ३६ उरले. ‘बारा त्रिक छत्तीस’. दहा आणि तीन मिळून १३. मोठे तुकडे काढून घ्यायची ही पद्धत कागदावर लांबलचक दिसते, पण मुलाला प्रत्येक क्षणी कळत असतं की किती वाटून झालं आणि किती उरलं. नेहमीच्या मांडणीत नेमकं तेच हरवतं.

वरचा अंक खाली का उतरवतात

मोठ्या संख्येचा भागाकार मुलं पाठांतराने करतात: भाग लावा, गुणा, वजा करा, वरचा अंक खाली घ्या. का घ्या, ते कोणी सांगत नाही. हे नोटांनी शिकवा. खेळातल्या नोटा चालतील, खऱ्या असतील तर मुलं जास्त लक्ष देतात.

५२५ रुपये तिघांत सारखे वाटायचे आहेत. शंभराच्या ५ नोटा, दहाच्या २ नोटा, रुपयाची ५ नाणी. शंभराच्या नोटा आधी वाटा. प्रत्येकाला १, म्हणजे ३ गेल्या, २ उरल्या. दोन नोटा तिघांत जात नाहीत. मग काय करायचं? मुलं लगेच म्हणतात, सुट्टे करायचे. दोनशेचे दहा-दहाचे सुट्टे म्हणजे २० नोटा आणि आधीच्या २, झाल्या २२. वहीत आपण उरलेल्या २ शेजारी वरचा २ उतरवतो आणि २२ म्हणतो, ते हेच. बावीस नोटा तिघांत, प्रत्येकी ७, एक उरली. तिचे सुट्टे १० रुपये, आधीचे ५, झाले १५. प्रत्येकी ५. प्रत्येकाच्या हातात आता १ शंभर, ७ दहा, ५ रुपये, म्हणजे १७५.

हे करताना शेजारी वहीवर तोच भागाकार मांडत चला, नोटांची एक हालचाल आणि वहीतली एक ओळ, अशी जोडी लावत. वजाबाकी म्हणजे वाटून गेलेल्या नोटा बाजूला करणं आणि अंक खाली उतरवणं म्हणजे सुट्टे करून आधीच्या नोटांत मिसळणं, हे एकदा जुळलं की पुन्हा समजवावं लागत नाही.

भागाकारात शून्य येतं तिथे सगळ्यात जास्त चुका होतात, आणि तिथेही नोटाच उपयोगी पडतात. ६१८ रुपये सहा जणांत वाटा. शंभराची १ नोट प्रत्येकाला. दहाची एकच नोट आहे, ती सहा जणांत जात नाही, म्हणजे दहाच्या नोटा प्रत्येकाला शून्य. तिचे सुट्टे करून १८, प्रत्येकी ३. उत्तर १०३. मुलं मधलं शून्य गाळून १३ लिहितात. तेव्हा ‘चुकलं’ म्हणण्याऐवजी विचारा, “सहाशेच्या वर रुपये सहा जणांत वाटले, तर एकाला शंभराहून कमी मिळतील का?” मूल स्वतःच खोडरबर शोधतं.

बाकी उरली, आता काय?

हा भाग शाळेत घाईने उरकला जातो, आणि शाब्दिक उदाहरणांत खरी परीक्षा इथेच असते. १४ ÷ ३ घ्या. भागाकार ४, बाकी २. आता हे तीन प्रश्न बघा.

चौदा पाहुण्यांना शनिवारवाडा बघायला जायचंय. एका रिक्षात तिघंच बसतात. किती रिक्षा कराव्या लागतील? चार रिक्षा भरल्या आणि दोघं रस्त्यावर उभे आहेत. त्यांना सोडून जाता येत नाही, म्हणून उत्तर ५.

चौदा पेन्सिली आहेत. तीन-तीनची पाकिटं करायची. किती पाकिटं पूर्ण भरतील? ४. उरलेल्या दोन पेन्सिलींचं पाकीट पूर्ण होत नाही.

चौदा गोट्या तिघांत सारख्या वाटल्या. किती उरल्या? २.

मांडणी तीच, उत्तरं ५, ४ आणि २. शिष्यवृत्तीची तयारी करणाऱ्या मुलांनी इथे विशेष जपावं, कारण पर्यायांत ४ आणि ५ शेजारी-शेजारी असले की घाईत हात ४ वर जातो. भागाकार झाल्यावर पेन खाली ठेवून पुन्हा प्रश्नाकडे जायचं आणि उरलेल्यांचं काय झालं ते स्वतःला विचारायचं.

चौथा प्रकार म्हणजे उरलेलं कापून वाटता येतं तेव्हाचा. ७ पुरणपोळ्या चौघांत सारख्या वाटायच्या. प्रत्येकाला एक अख्खी, तीन उरल्या. त्या तिन्हींचे चार-चार तुकडे केले, १२ चतकोर झाले, प्रत्येकाला ३. म्हणजे एक आणि पाऊण, पावणेदोन पोळ्या. अपूर्णांकांची ओळख करून द्यायला याहून चांगली जागा मला माहीत नाही. पण गोट्या आणि पाहुणे कापता येत नाहीत, हेही त्याच वेळी बोलून घ्या.

बाकीच्या सरावासाठी पुण्यात एक छान गोष्ट तयारच आहे. पर्वतीला १०३ पायऱ्या आहेत. आजी दर १० पायऱ्यांनी थांबत असेल, तर ती १० वेळा थांबेल आणि मग वर पोचायला ३ पायऱ्या उरतील. दर ८ पायऱ्यांनी थांबली तर १२ वेळा, उरतील ७. मुलाला २ पासून १० पर्यंत प्रत्येक टप्प्याने भागून बघायला सांगा. नऊही भागाकारांत बाकी उरते. सारख्या टप्प्यांत या पायऱ्या बसतच नाहीत, कारण १०३ ही मूळ संख्या आहे. दहाच्या पुढे बघायची गरज का नाही, हे पाचवीतल्या चुणचुणीत मुलाला सांगता येईल: दोन्ही अवयव ११ किंवा त्याहून मोठे असते, तर गुणाकार कमीत कमी १२१ झाला असता.

न दिसणारे आकडे

काही उदाहरणांत लागणारा आकडा छापलेलाच नसतो. ‘डझन’ म्हटलं की १२, ‘आठवडाभर रोज’ म्हटलं की ७, ‘जोड्या’ म्हटलं की २. आणि सगळ्यात फसवा प्रकार: ‘अथर्वने २४ चिक्क्या ५ मित्र आणि तो स्वतः यांच्यात सारख्या वाटल्या.’ गट ५ नाहीत, ६ आहेत. अशा ठिकाणी माणसांची चित्रं काढायला लावा. काड्यांची माणसं पुरतात. अथर्वचं चित्र काढायचं राहून गेलं तर मुलाला लगेच लक्षात येतं.

याच्या उलट, ‘सारखे’ किंवा ‘समान’ असं कुठेच म्हटलेलं नसेल आणि गोष्टीवरूनही ते कळत नसेल, तर भागाकार करून आलेलं उत्तर खरं धरता येत नाही. ‘२० कैऱ्या चौघांनी वाटून घेतल्या’ यावरून कोणाला किती मिळाल्या ते सांगता येणार नाही. मुलाने हे पकडलं तर मनापासून शाबासकी द्या.

दोन पायऱ्यांची उदाहरणं

सहा घरांनी मिळून मार्केट यार्डातून हापूसच्या ३ पेट्या आणल्या. प्रत्येक पेटीत ५ डझन आंबे. त्यातले १२ नासके निघाले. उरलेले सारखे वाटले तर प्रत्येक घराला किती?

इथे तीन रकाने एकदाच भरून भागत नाही. शेवटच्या प्रश्नापासून मागे या. प्रत्येक घराला किती, हे काढायला काय माहीत हवं? घरं किती आणि चांगले आंबे किती. घरं ६. चांगले आंबे माहीत नाहीत, ते काढायला सगळे आंबे हवेत. ३ पेट्या, प्रत्येकी ५ डझन, म्हणजे १५ डझन. १५ × १२ = १८०. त्यातून १२ गेले, १६८. १६८ ÷ ६ = २८. मागे येत प्रश्न विचारायचे आणि पुढे जात उत्तरं काढायची. प्रत्येक ओळीसमोर ते काय आहे ते लिहायचं: एकूण आंबे, चांगले आंबे, एका घराचे आंबे. नुसती आकड्यांची उतरंड असली की मूल कुठे होतं तेच विसरतं.

पडताळा

भाजक × भागाकार + बाकी = भाज्य. ३ × ४ + २ = १४. बाकी भाजकापेक्षा लहान आहे ना, हेही बघायचं. ती मोठी किंवा तेवढीच असेल तर वाटणी अजून संपलेली नाही. शेवटी उत्तर पूर्ण वाक्यात लिहायचं: ‘पाच रिक्षा कराव्या लागतील.’

सरावासाठी

पाठ्यपुस्तकातली उदाहरणं पुरेशी आहेत. बालभारतीची पुस्तकं त्यांच्या संकेतस्थळावर मोफत मिळतात, मागच्या इयत्तेचं पुस्तकही काढून ठेवा. त्यासोबत एक उलटं काम रोज द्या: ‘७ × ५ = ३५’ यावरून मुलाने स्वतः तीन गोष्टी रचायच्या, प्रत्येक वेळी प्रश्नचिन्ह वेगळ्या रकान्यात ठेवून. तीन गोष्टी जमल्या की त्याला विषय कळला असं मी धरते, मग पाढ्यात एखादी चूक होत असली तरी.

आणि ही काही माझ्याकडून.

१. सोसायटीच्या गणपतीला ७ ताटांत प्रत्येकी २१ मोदक मांडले. एकूण मोदक किती?

२. रेवाने ३५ मणी ४ मैत्रिणी आणि ती स्वतः यांच्यात सारखे वाटले. प्रत्येकीला किती?

३. सहलीला ५० मुलं आहेत. एका गाडीत १२ मुलं बसतात. गाड्या किती लागतील?

४. घरी रोज २ लिटर दूध येतं. लिटरला ६० रुपये. एका आठवड्याचे किती रुपये होतील?

५. एका संख्येला ९ ने भागलं. भागाकार ११, बाकी ५. ती संख्या कोणती?

६. ९ मुलांनी प्रत्येकी ४५ रुपये काढले. क्रिकेटचं सामान ३६० रुपयांना आलं. उरलेले पैसे सारखे परत केले, तर प्रत्येकाला किती मिळाले?

उत्तरं अनुक्रमे: १४७ मोदक, ७ मणी, ५ गाड्या, ८४० रुपये, १०४, ५ रुपये. सहावं उदाहरण दोन वाटांनी सुटतं. जमलेले ४०५ रुपये काढून त्यातून ३६० वजा करा आणि उरलेले ४५ नऊ जणांत वाटा. किंवा आधी ३६० ÷ ९ = ४० असा प्रत्येकाचा खर्च काढा आणि ४५ मधून वजा करा. मुलाने यातली एक वाट काढली की दुसरी लगेच दाखवू नका, एक दिवस तसंच राहू द्या.